बाबांचा गेम आणि फुगलेली बॅटरी

सोल्डरिंगचा धूर नाकात गेला की मला पुलगावचं ते मोबाईल दुरुस्तीचं दुकान आठवतं. भर उन्हाळा होता, पंखा नुसती गरम हवा फेकत होता. बाबांच्या फोनची बॅटरी इतकी फुगली होती की स्क्रीन एका बाजूने उचलला गेला होता, आणि फोन मधेच बंद पडायचा. "काका, द्या लवकर, हे फुटन," दुकानदार म्हणाला. बाबांनी फोन छातीशीच धरला. "पह्यले माह्या गेमचं सांग. दोन वर्षांपासून खेळून राह्यलो. सारं गेलं तं?" "बॅटरी बदलल्यानं काई जात नाई. तरी गेम अकाउंटले जोडून ठेवा." मी चिडून तिथेच जोडायला बसले. बाबांना पासवर्ड आठवेना, आणि ओटीपी यायच्या आत फोन बंद पडे. शेवटी त्यांचं सिम माझ्या फोनमध्ये घातलं, तेव्हा कुठे ओटीपी मिळाला आणि गेम जोडला गेला. मी घामाने निथळत होते. नवी बॅटरी बसली, बाबांनी गेम उघडला. सगळं जागच्या जागी होतं. "पाह्य, काई गेलं नाई," ते मला म्हणाले, "तू काऊन इतकी घाबरून राह्यली होती?" आजही घरी पाहुणे आले की बाबा हा किस्सा रंगवून सांगतात, आणि त्यात घाबरलेली मीच असते.