आबांच्या खाटेपुरती सावली

लोणावळ्याला चार महिने असा पाऊस कोसळतो की झाडाला पाणी घालावं लागतं, हेच इथल्या माणसाला पटत नाही. मी इंदुरी गावची, घाटापासून लांबची. आमच्याकडे पाऊस बेताचा, त्यामुळे आणलेली घागर नेमकी कुठे ओतायची याचा विचार करायची सवय मला माहेराहूनच होती. भुशीच्या रस्त्याला आम्ही पत्र्याचं घर बांधलं तेव्हा पुढच्या अंगणात सगळा मुरूम होता. श्रावणात त्यात पाय रुतायचा आणि दिवाळी सरली की तोच मुरूम पहारीला दाद देत नसे. शेजारीपाजारी म्हणायचे, "एवढ्या पावसाच्या गावात झाडं काय लावायची? आपोआप येतात." आमच्याकडे आपोआप आली होती ती फक्त घाणेरीची झुडपं.

मला झाड हवं होतं ते सासऱ्यांसाठी. त्यांना घरात सगळे आबा म्हणत. जन्मभर भात पिकवलेला माणूस, एक पाय लुळा पडला म्हणून दवाखान्याजवळ राहायला आमच्याकडे आला. आमचं दार पश्चिमेला. जेवणं झाली की पत्रे तापायचे, ऊन उंबऱ्यापर्यंत यायचं आणि आबा काठी टेकत आत-बाहेर करत राहायचे. मांडव घातला, तर घाटातल्या वाऱ्याने तो उचलून शेजारच्या परसात नेऊन टाकला. एका एप्रिलच्या दुपारी आबा माझ्या नवऱ्याला म्हणाले, "मला गावाकडं सोड. हितं पत्र्याखाली भाजण्यापरीस तितं चिंचंखाली मरीन."

हे रेल्वेत कामाला. ड्युटीवरून येऊन नुकते टेकले होते, ते बूट सोडत राहिले. मला राहवलं नाही. गावात डॉक्टर नव्हता, आणि तिथे गेले तर आबा एक पावसाळाही काढणार नाहीत हे मला दिसत होतं.

"आबा, सावली मी इथंच करून देते," मी म्हणाले. तेव्हा माझ्या बोलण्यात फार जोर असे. अजूनही आहे.

पहिला करंज मी त्याच जूनमध्ये लावला. गुलमोहर देखणा, पण वाऱ्यात त्याच्या फांद्या मोडतात. करंजाला ऐन उन्हाळ्यात कोवळी, चकचकीत, दाट पानं येतात, म्हणून करंज. पावसाळा सरला तसं पाणी घालायचं काम आबांनी स्वतःकडे घेतलं. आंघोळ झाली की एक तांब्या, तुळशीला घालावा तसा थेट बुंध्यात, आणि मगच चहा. मी सांगून पाहिलं, "असं रोज घोटभर नका पाजू. आठवड्याने एकदाच द्या, पण भरपूर, आणि जरा लांबून." त्यांच्या नाकाला मिरच्या झोंबल्या.

"मी रोज च्या प्यायचा आन् त्येनं आठ दिस उपाशी ऱ्हायाचं व्हय?"

पुढच्या आषाढात वाऱ्याने तो करंज मुळासकट आडवा केला. मुळं सगळी जेमतेम वीतभर खोल, बुंध्याभोवती गुंतलेली. तांब्याचं पाणी वरच्या वर मिळत होतं, तर खाली कशाला जातील? आबांनी चिखलातलं ते झाड मांडीवर घेतलं. "माज्या हातनं न्हाई जगायचं. माजी ट्रंक भर," म्हणाले आणि डोळे पुसायला लागले. मला भयंकर वाईट वाटलं आणि तितकाच रागही आला, झाडाचा, वाऱ्याचा, आबांच्या त्या तांब्याचा. ट्रंक मी भरली नाही. पावसात भिजतच दुसरा करंज लावला.

आता पाणी आबाच घालणार, पण मी सांगेन तिथे, असं ठरवलं. आठवड्यातून एकदाच घालायला लावलं असतं तर उरलेले दिवस त्यांनी भिंतीकडे बघत काढले असते. म्हणून बुंध्यापासून लांब गोल आळं केलं, त्यात पेंढा अंथरला, आणि रोज त्या आळ्याची पाळीपाळीने एकच बाजू भिजवायची, पण बादलीभर पाण्याने, खोल मुरेपर्यंत. बादली त्यांना उचलवत नव्हती, तांब्या नेता येत होता. बादली मी मुद्दाम मागच्या हौदापाशी ठेवली, म्हणजे प्रत्येक तांब्याला घराला वळसा पडायचा. यांनी एकदा दया येऊन ती झाडाजवळ आणली, तेव्हा मी असं काही पाहिलं की त्यांनी ती मुकाट परत नेऊन ठेवली. रोज चाला, असं डॉक्टरांनी आबांना कितीदा सांगितलं होतं. ते त्यांनी कानावरून जाऊ दिलं होतं.

"आज कुटं?" ते सकाळी विचारायचे.

"गेटाच्या बाजूला."

झाड वाढेल तसं आळं मी बाहेर सरकवत नेलं. तरी अधूनमधून बुंधा ओला दिसायचाच.

"आबा, हे काय?"

"दव पडलं आसंल," भर एप्रिलात ते म्हणायचे, आणि चेहऱ्यावरची रेषही हलायची नाही.

पुढच्या आषाढात वारा सुटला तेव्हा आबा दारात खुर्ची टाकून दिवसभर राखण करत बसले. करंज वाकायचा आणि उभा राहायचा. दिवाळीनंतर गावाहून त्यांचा पुतण्या न्यायला आला, तर त्याला म्हणाले, "आन् मंग ह्याला पानी कोन घालनार, तू?" पुतण्या जेवून परत गेला. मी त्या रात्री गोड केलं, यांनी कारण विचारलं तेव्हा सांगितलं नाही.

आणखी काही उन्हाळे गेले. मग एका एप्रिलात जेवणं झाल्यावर आबांनी खाट झाडाखाली ओढायला लावली. आडवे झाले आणि लगेच कुरकुरले, "पाय उन्हात ऱ्हात्यात."

"मग पोटाशी घ्या. माझ्या झाडाला नावं ठेवू नका."

"तुजं झाड?" ते उठूनच बसले. "पानी कुनी घातलं?"

मी त्यांचा तांब्या भरून उशाशी आणून ठेवला. आबांनी पाय पोटाशी घेतले आणि तिन्हीसांजेपर्यंत गाढ झोपले.

त्याच्या पुढच्या एप्रिलात सावली खाटेच्या पायथ्यापुढे गेली आणि आबा रोज दुपारी पाय लांब करून झोपायला लागले.