माकणीची दुसरी कोंडाबाई

एकोणीसशे चोपन्न साल. पोळा तोंडावर आला होता. माकणीच्या धनगरवाड्यापुढं एक बैलगाडी थांबली आणि तिच्यातून खोकत खोकत एक माणूस उतरला. तीस साली सोलापुरात मार्शल लॉ लागला तेव्हा परागंदा झालेला बब्रुवान तो. पण त्याला कुणी चटकन ओळखलं नाही, कारण सगळ्यांचे डोळे त्याच्यामागून उतरणाऱ्या मुलीवर खिळले होते. उंच, काळीभोर, पंधरा-सोळा वर्षांची. केस असे कुरळे की वेणी घालायची सोय नाही.

पोरं ओरडली, "हबशीण आली, हबशीण!"

निजामाच्या फौजेत हबशी शिपाई असतात हे गावानं ऐकलं होतं. त्यामुळे तेवढा एक शब्द गावापाशी होता.

मुलगी गर्रकन वळली. "हबशीण न्हाय म्या. बब्रुवानाची लेक हाय. आज्जी कुठाय माझी?"

पोरांची तोंडं उघडीच राहिली. पोरगी आफ्रिकेची, आणि बोली अस्सल माकणीची! तीही आजची नव्हे, म्हाताऱ्यांच्या तोंडची. तिनं मराठी ऐकली होती ती फक्त बापाच्या तोंडून, आणि बापानं गाव सोडल्यावर त्यात नवा शब्द मिळवला नव्हता.

म्हातारी दारात लोकर पिंजत बसली होती. लेकाला पाहून तिला उठता येईना. लेकच पायाशी बसला. बराच वेळ रडून झाल्यावर तिनं नातीला जवळ ओढलं आणि तिच्या डोक्यावरून हात फिरवला.

"कोकराची लोकर हाय गं ही! नाव काय तुझं?"

"कोंडाबाई."

"माझं न्हाय गं, तुझं."

"त्येच तर. तुमचंच नाव हाय मला."

बब्रुवाननं समजावलं. "हिच्या आईकडली रीत हाय, आये. पयली लेक झाली की बापाच्या आईचं नाव ठिवायचं. मी म्हणलं, आमच्यात जित्या माणसाचं ठिवत न्हाईत. ती म्हणली, तुमची आई जिती हाय तर लईच चांगलं."

म्हातारीनं नातीचे गाल कुरवाळले. पण थोरली सून अनसूया घाबरली. "सासूचं नाव घिऊन हिला हाका मारू व्हय? जीभ झडंल माझी." त्या दिवसापासून ती पुतणीला 'बाळे' म्हणू लागली. तिच्या तोंडी तेच राहिलं.

बब्रुवान मूळचा मेंढपाळाचा पोरगा. शिकायची हौस म्हणून सोलापूरला एका छापखान्यात राहिला, छपाईचे खिळे जुळवायला शिकला. मार्शल लॉच्या दिवसांत त्या छापखान्यातून पत्रकं निघाली. पोलीस आले तेव्हा तो मागच्या भिंतीवरून उडी मारून पळाला, मुंबईला गेला आणि मिळेल त्या बोटीवर चढला. ती बोट मोंबासाला लागली. तिथून नैरोबी. तिथल्या एका हिंदी माणसाच्या छापखान्यात त्याला काम मिळालं. आफ्रिकन लोकांना त्यांची वर्तमानपत्रं छापून द्यायला गोरे छापखाने तयार नसत. ती या छापखान्यात छापली जात. भाषा येत नसतानाही बब्रुवान ती अक्षरं जुळवायचा, आणि जुळवता जुळवता शिकला. जमिनी कुणी घेतल्या, कर कुणी बसवला, हे त्यात लिहिलेलं असायचं.

वांबुई तिथंच छापखान्यापुढं राजमा आणि रताळी विकायला बसायची. तिथल्या किकुयू जमातीतल्या शेतकऱ्याची मुलगी. तिच्या बापानं लग्नाला एकच अट घातली, रिवाजाप्रमाणे बकऱ्या द्यायच्या. धनगराच्या पोरानं बाजारात जाऊन एकेका बकरीचं तोंड उघडून दात पाहिले, कास चाचपली, आणि असा कळप दारात नेऊन उभा केला की सासरा खूश झाला.

ही हकीकत ऐकून म्हातारी पहिल्यांदा मोकळी हसली. "म्हंजी आपल्यासारखीच मानसं की रं!"

पण नैरोबीत त्यांना घर मिळेना. हिंद्यांच्या आळीत वांबुईला खोली देत नसत, आफ्रिकनांच्या वस्तीत बब्रुवानला राहायची मुभा नव्हती. शेवटी छापखान्याच्या मागच्या पत्र्याच्या खोलीत संसार थाटला. आगगाडीत गोऱ्यांचा डबा वेगळा, हिंद्यांचा वेगळा, आफ्रिकनांचा वेगळा. हिंदी दुकानदार कोंडाला 'चोटारा' म्हणत, म्हणजे दोन रक्तांची. आईच्या नात्यातल्या पोरी तिला हिंदी म्हणत. दोन्हीकडं ती पाहुणीच.

पुढं तिथं स्वातंत्र्याची लढाई पेटली. सरकारनं आणीबाणी पुकारली, वर्तमानपत्रं बंद केली, छापखान्याला कुलूप घातलं. चोरून पत्रकं छापली म्हणून बब्रुवानला तुरुंगात टाकलं. तिथंच त्याची छाती बिघडली. सुटका झाली ती देश सोडायच्या अटीवर.

माकणीत मात्र पहिला प्रश्न निघाला तो पाण्याचा. गावातली चार वजनदार माणसं धनगरवाड्यात आली. "बब्रुवान, तुझ्याबद्दल काय न्हाय. पर पोरीची जात ठरल्याबिगर तिनं हिरीवर येऊ नये."

"कोण ठरवनार?" बब्रुवाननं विचारलं.

"बघू की, बसून."

बसून बघायला कुणालाच सवड झाली नाही. अनसूया दोन घागरी आणायची, त्यात सगळ्यांचं भागेना. एके दिवशी सकाळी कोंडानं घागर उचलली आणि सरळ महारवाड्याच्या विहिरीवर गेली. तिथं वाड्यातली सखूबाई पाणी शेंदत होती. तिनं कोंडाच्या घागरीवर हात ठेवला.

"बाई, तू इथलं पाणी नेशील, आन् उद्या राग आमच्यावर निघंल. तुला दुसरा गाव हाय, आमाला न्हाय."

कोंडाला हे सुचलंच नव्हतं. ती काठावर बसली. "मग तुमी सांगा. जाऊ का रिकामी?"

सखूबाईनं तिच्याकडं पाहिलं. मग आपलीच घागर तिच्या घागरीत रिती केली. "मी दिलं म्हणून सांग. इचारलं तर बघून घिऊ."

कोंडा घरी आली आणि पाणी सखूबाईनं दिलं म्हणून सांगितलं. ओसरीवर चुलता होता, अनसूया होती, शेजारचे दोघं होते. घागर कुठं ठेवावी हे कुणी सांगेना. म्हातारीनं लोकर बाजूला सारली. "हिकडं आण." तांब्या बुडवला आणि सगळ्यांदेखत गटागटा प्यायली. "पाणी ग्वाड हाय," एवढं म्हणून ती परत पिंजायला लागली.

त्याच दुपारी लोकर निवडत बसलेल्या आजीजवळ कोंडानं ते सांगितलं, जे तिनं बोटीवर बापालाही सांगितलं नव्हतं.

"बाबा तुरुंगात व्हते. छापखान्याला कुलूप, म्हून आमी आईच्या मानसांच्या वस्तीत ऱ्हात व्हतो. तिला शिपायांनी येढा दिला. किकुयू दिसंल त्याला धरत व्हते, तारंच्या कुंपनात नेत व्हते. आमाला बी रांगंत हुबं केलं. साहेबानं माझे केस बघितले, कागदावरचं बाबांचं नाव बघितलं. त्याला कळंना मला कुठल्या रांगंत घालावं. तवा आई म्हणली, ही माझी न्हाय. मी हिच्या घरची मोलकरीण. साहेब म्हणला, खरं का? मी व्हय म्हणलं. आईनं मागं वळून बी बघितलं न्हाय."

म्हातारीचे हात थांबले.

"आज्जी, मी व्हय म्हणलं."

"मग काय म्हणनार व्हतीस? आई सांगतीया, लेकीनं ऐकलं. तिनं तुला दुसऱ्यांदा जन्म दिला बग." म्हातारीनं तिचं डोकं मांडीवर घेतलं. "मी तिला बघितलं न्हाय. पर माझं नाव तिनं बरूबर जागी ठिवलं."

पाण्याची गोष्ट जवळच्या लोहाऱ्यापर्यंत गेली. तिथं शरणबसप्पा नावाचा आडत दुकानदार होता. निजामाविरुद्धच्या लढ्यात हा माणूस सरहद्दीवरच्या कॅम्पात होता, गुलबर्ग्याच्या तुरुंगात राहून आलेला. तो छकड्यात बसून माकणीला आला, धनगरवाड्यात शिरला आणि ओसरीवरून मोठ्यानं म्हणाला, "कोंडाबाई, पाणी द्या."

दोघी उठल्या. तो हसला. "धाकटीनं द्या."

पाणी पिऊन तो बाहेर जमलेल्या माणसांकडं वळला. "ह्या मानसानं तिकडं विंग्रजाविरुद्ध छापलं. हिची आई अजून तारंच्या आत हाय. आन् तुमी हिची जात इचारता? कॅम्पात एका पातेल्यात जेवलो आपण, महांतप्पा. तवा न्हाय इचारली कुनी."

महांतप्पा त्या चारांपैकी एक. तो खाली बघू लागला. गावानं 'ये' असं काही म्हटलं नाही. पण पुढच्या आठवड्यात कोंडा गावविहिरीवर गेली तेव्हा कुणी अडवलंही नाही. सखूबाईला मात्र तिथं यायला कुणी सांगितलं नाही, आणि हे कोंडाच्या मनातून जाईना. ती एक घागर इथं भरायची, एक महारवाड्यात. बरीच वर्षं.

शरणबसप्पानं तिला लोहाऱ्याच्या शाळेत घातलं. बाप मेंढरामागं जाऊ लागला. शिसं हाताळलेल्या बोटांना पुन्हा काठीची सवय झाली आणि मोकळ्या वाऱ्यात खोकलाही थोडा उतरला. कोंडा सातवी झाली, धाराशिवला मास्तरकीची परीक्षा दिली आणि लोहाऱ्यातच शिक्षिका म्हणून लागली. सुरुवातीला काही आया पोरांना घेऊन परत गेल्या. तिनं त्यांच्यामागं धावाधाव केली नाही. बापाकडून शिकलेली एक युक्ती तिनं कामाला लावली. उलट्या अक्षरांचे मातीचे खिळे करून ती पोरांना स्वतःचं नाव छापायला लावायची. परत गेलेली पोरं खिडकीतून बघायला लागली, आणि मग आत आली. बसताना सगळी एकाच तागाच्या लांब पट्टीवर बसायची. "पट्टी एकच हाय सरकारची," असं ती आयांना सांगे.

एकोणसाठ साली आईचं पत्र आलं. कुठल्याशा मिशनच्या पाद्र्यानं लिहून दिलेलं, चार ओळींचं. छावणीतून सुटले, डोंगरातल्या गावात भावाजवळ आहे, गुडघा नीट नाही, लेक कशी आहे. बब्रुवान ते वाचता वाचता अंगणातच बसला. कोंडानं उत्तर लिहिलं, आणि त्यानंतर पत्रं येत-जात राहिली.

बासष्टला तिचं लग्न झालं. नवरा गोरोबा, त्याच शाळेतला मास्तर, कुंभाराच्या घरचा. त्याच्या घरून विरोध झाला. गोरोबा वाद घालत बसला नाही, सहा महिने रोज माकणीला येऊन बब्रुवानबरोबर मेंढरं हाकत राहिला. शेवटी त्याची आईच मुलगी बघायला आली.

मग डिसेंबर त्रेसष्टला केनिया स्वतंत्र झाला. शरणबसप्पानं लोहाऱ्याच्या बाजारात सभा ठेवली. बब्रुवान बोलायला उभा राहिला, पण त्याला खोकल्याची उबळ आली. तो म्हणाला, "पोरगी सांगंल," आणि खाली बसला.

कोंडा उभी राहिली. तुरुंगाचं, छावण्यांचं सांगितलं तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग ती म्हणाली, "एक अजून सांगते. तिथं आमाला खोली गोऱ्यानं नाकारली, तशी आपल्या मानसांनी बी नाकारली. सात समुद्र वलांडून गेली, पर शिवाशिव गाठोड्यात बांधून घिऊन गेली. आपण बी निजाम घालवला. मग सखूबाईची घागर येगळ्या हिरीवर कशाला?"

टाळ्या नव्हत्या. मागच्या रांगेतून दोघंतिघं उठून गेले. शरणबसप्पाही चमकला, सभेत हे येईल असं त्याला वाटलं नव्हतं. मग तो सावकाश उभा राहिला. "बाई खरं बोलली. आमी अर्ध्यात थांबलो." मागं बायकांत बसलेली सखूबाई उठून पुढं आली आणि सतरंजीवर, कोंडाच्या शेजारी बसली. तिला कुणी उठवलं नाही. माकणीची विहीर लगेच खुली झाली नाही. दोन वर्षं गेली, भांडणं झाली, एकदा कुणीतरी सखूबाईच्या घागरीचा दोरही कापला. पण ती खुली झाली.

नव्या सरकारनं जुने बंदीहुकूम उठवले. बब्रुवाननं ते ऐकलं आणि काही दिवस मेंढरं घेऊन लांब रानात फिरला. मग म्हणाला, "कोंडा, म्या जावं म्हणतो. तुझी आई एकटी हाय. तू येतीस?"

कोंडाला दिवस गेले होते. तिच्या वर्गात चाळीस पोरं होती. तिनं आजीकडं पाहिलं, तर म्हातारी म्हणाली, "माझ्याकडं काय बघतीस? मी कुणाला धरून ठिवलं न्हाय."

"मी हितंच ऱ्हाते, बाबा. तुमी जावा. पोर चालाया लागलं की आमाला तिकडं बलवा. त्याला त्याच्या आज्जीला भेटू दे."

म्हातारीनं स्वतःच्या हातानं कातलेल्या लोकरीचं घोंगडं सुनेसाठी दिलं. डोंगरात थंडी असते हे तिनं लेकाकडून ऐकलं होतं. सोलापूरच्या स्टेशनवर बब्रुवान खिडकीतून हात हलवत होता आणि कोंडा गाडीबरोबर चार पावलं चालली. ती रडली, पण गोरोबा म्हणतो, फार नाही.

तिथून येणाऱ्या पत्रांत बब्रुवान लिहायचा की पुन्हा छापखान्यात बसतो, आता कुलूप लावायला कुणी येत नाही. वांबुईचा गुडघा बरा आहे, तुम्हाला बोलवायला बोटीचं जमतं का पाहतोय.

लोहाऱ्याच्या शाळेत तोवर एक गंमत रुळली होती. केनियात बोलतात त्या स्वाहिलीत एकला 'मोजा' म्हणतात. जूनमध्ये नवी पोरं आली की बाई चिंचोके पुढं ठेवून म्हणायची, "मोजा." पोरं बिचारी मोजायला लागत. मग जुनी पोरं हसून सांगत, अरं, मोजा म्हंजी एक! आणि साऱ्या वर्गाचा गलका उठे, "मोजा, म्बिली, तातू!" सहासष्टच्या जूनमध्ये त्या गलक्यात सर्वांत मोठा आवाज सखूबाईच्या नातीचा होता. बाईची लेक तेव्हा दारात चिंचोके तोंडात घालत बसली होती, आणि बाई ते काढायला धावली.