मार्था आंटीच्या हातातला कोयता

गॅब्रिएल अंकल बिल्डरला विकला गेला, असं आमच्या गिरीज गावात जे बोलत सुटलेत त्यांच्यासाठी लिहितेय. त्या दिवशी मी अंकलसोबत होते, तुम्ही नव्हतात.

अंकल आमचा लग्नाचा व्हिडिओवाला, मी त्याची हेल्पर. एका चॅनलने माईक दिलेला, म्हणून कधीमधी बातम्यापण. त्या सकाळी बिल्डरचे डंपर बावखल बुजवायला आले. बावखल म्हणजे वाडीतलं तळं. ते गेलं तर केळी काय बिसलरीवर जगवायची? मार्था आंटी पानं कापत होती, तशीच धावली, हातात कोयता. आमच्या बायका कोयता घेऊन दुकानातपण जातात, कोण बघतं? डंपरसमोर तिने तो खाली ठेवला आणि हात जोडले. "बाबा, मागे घे ना गाडी." अंकलने सगळं शूट करून चॅनलला पाठवलं.

संध्याकाळी टीव्हीवर काय, तर 'विकासकामावर कोयत्याने हल्ला'. धावताना दाखवली, हात जोडले तो भागच कापला. ब्रेकमध्ये त्याच बिल्डरच्या टॉवरची जाहिरात. दुसऱ्या सकाळी आंटीला पोलिसांचं बोलावणं, कोयता घेऊन.

अंकलने चॅनलच्या सिद्धेशला फोन लावला, स्पीकरवर.

"गॅब्रिएलजी, वरून प्रेशर आहे. त्यांच्या जाहिरातीवर चॅनल चालतं. ओरिजिनल डिलीट करा, विषय संपवा."

"घरच्यांनी बघितल्याशिवाय मी मेमरी कार्ड पुसत नाय."

"अहो, हे काय लग्न आहे का?"

"आंटीने अजून बघितलं नाय," बोलून अंकलने फोन ठेवला.

या सवयीने माझं डोकं फिरायचं. नवरीला पोरं झाली तरी तिचं कार्ड कपाटात, कारण घरच्यांना बघायला टाइम नाही. पण त्या दिवशी टीव्हीची केबल मीच उचलली.

आंटीच्या घरी कॅमेरा टीव्हीला जोडून पूर्ण दाखवलं. आंटी बघून बोलली, "लुगडं किती मळलंय माझं. सांगायचंस तरी, मेल्या."

मग तेच पोलिसांना दाखवलं. साहेबांनी दोनदा बघितलं, आंटीला घरी जा बोलले. ती उठेना. "कोयता द्या. पानं राहिलीत."

चॅनलने अंकलचा माईक काढून घेतला. चूक झाली म्हणून खालच्या पट्टीत एक ओळ पळवली, वर त्याच टॉवरचा स्विमिंग पूल. आणि तुम्ही कोणाला विकलेला म्हणता, तर अंकलला, कारण माईक त्याच्या हातात दिसला.

कार्ड आंटीकडे आहे. आधी जाऊन पूर्ण बघा, मग तोंड उघडा.