राजाच्या नांगरामागे

मे महिन्यातली दुपार होती. रामाकोन्याच्या स्टेशनावर छोट्या लाईनची गाडी उभी होती आणि आई खिडकीचा गज धरून मला बजावत होती.

"तिथं जाऊन नुसती गोड-गोड बोलत बसू नको. नीट पाह्य. पोरगी कशी हाये, तिच्या घरचे कसे हायेत, आन् आपला सुधाकर तिथं काय करून राहिला. वापस आली का मले खरं सांगजो. जसं हाये तसं."

सुधाकर माझा धाकटा भाऊ. बँकॉकच्या उत्तरेला, नदीकाठच्या एका सूतगिरणीत तो चार वर्षांपासून नोकरीला होता. थंडीत त्याचं पत्र आलं: तिथल्याच एका शिक्षिकेशी लग्न करायचं म्हणतो. पत्र मी वाचून दाखवलं तेव्हा आई उठली आणि संत्र्याच्या बगिच्यात जाऊन बसली. वडील गेल्यापासून शेती तीच बघते, आणि मन बिघडलं की तिथेच जाते. मी सौसरला शाळेत इतिहास शिकवते. मला सुट्ट्या होत्या, मोडकंतोडकं इंग्रजी येत होतं, म्हणून मला धाडायचं ठरलं. सौसरच्या पलीकडचं जग मी नागपूर आणि पचमढीपुरतं पाहिलेलं. नागपूरहून कलकत्ता, आणि तिथून आयुष्यातलं पहिलं विमान. विमान उठलं तेव्हा शेजारच्या अनोळखी बाईचा हात मी घट्ट धरला होता. तिने तो उतरेपर्यंत सोडवून घेतला नाही.

बँकॉकला उतरल्यावर पहिल्यांदा जाणवला तो उकाडा. आपल्याकडचा उन्हाळा भाजतो, तिथला शिजवतो. सुधाकर समोर उभा होता, जाड झालेला, केस बारीक कापलेले.

"ताई, तू खरंच आली!" तो म्हणाला आणि माझी पिशवी ओढून घेतली. "आईनं कुरडया देल्ल्या का?"

गावाला तिथले लोक बँकॉक म्हणतच नाहीत. ते म्हणतात क्रुंग थेप (देवांची नगरी). रस्त्याने जाताना दुकानादुकानात राजाराणीची तसबीर दिसत होती. न्हाव्याकडे, भाजीवालीकडे, टायरच्या दुकानातसुद्धा, वरच्या फळीवर, ताज्या फुलांच्या माळेसह. मी वर्गात राजे शिकवते ते सगळे मेलेले. जिवंत राजाचा देश मी पहिल्यांदाच पाहत होते.

दुसऱ्या दिवशी राजवाड्याच्या दारात ती भेटली. तिचं नाव बरंच लांब होतं, पण सगळे तिला नोई (लहानगी) म्हणत. तिशीच्या आतबाहेरची, सावळी, पायात साध्या चपला. तिने हात जोडून मान बरीच खाली वाकवली आणि मला 'फी' (ताई) म्हणून हाक मारली. तीही शाळेत इतिहास शिकवते हे सुधाकरने पत्रात लिहिलंच नव्हतं. त्याला कदाचित ते महत्त्वाचं वाटलं नसेल. मला वाटलं.

राजवाड्याच्या आवारातल्या देवळात पाचूच्या रंगाची बुद्धमूर्ती आहे. उन्हाळा, पावसाळा, हिवाळा असे तिचे तीन पोशाख, आणि ते बदलायचा मान स्वतः राजाचा. आवाराच्या लांबलचक भिंतींवर रामायण रंगवलेलं. मी एकेक प्रसंग ओळखत होते आणि नोई लहान मुलीसारखी खूश होत होती. हनुमानापाशी मात्र गाडी अडली. त्यांचा हनुमान चांगला संसारी, किंबहुना रंगेल आहे!

"आमच्याकडे असं बोलायची सोय नाही," मी म्हणाले. "आमच्या जामसावळीच्या देवळात तर मारुती निजलेला आहे."

"मग दमला असेल," नोई गंभीरपणे म्हणाली. मला हसू आवरेना. मारुतीच्या बाबतीत मी इतकी मोकळी कधीच हसले नव्हते.

तिने मला सुखोथाईची गोष्ट सांगितली. तिथल्या जुन्या राजाने म्हणे वाड्याच्या दारात घंटा टांगली होती. ज्याचं गाऱ्हाणं असेल त्याने यावं, वाजवावी, राजा स्वतः बाहेर येईल.

"कुणी खरंच वाजवली का?" मी विचारलं.

"माझ्या वर्गातली मुलंही हेच विचारतात," ती म्हणाली. "मी सांगते, दगडावर घंटेबद्दल कोरलंय, एवढं मला माहीत आहे. पुढचं मला माहीत नाही."

इतिहासाच्या बाईने वर्गात 'मला माहीत नाही' म्हणणं किती अवघड असतं ते मला ठाऊक आहे. ती मला तिथे आवडली.

तिचं घर अयुथ्थयाजवळच्या खेड्यात. हे नाव आपल्या अयोध्येवरूनच आलेलं. दोन दिवसांनी आम्ही तिकडे गेलो. तिचे वडील बाजारात भेटणार होते. संध्याकाळी सहाच्या सुमारास मी एका हातगाडीवरून शेवयांच्या गरम रश्श्याचा वाडगा घेतला (माझ्यासाठी निव्वळ भाज्या घालून) आणि बसायला जागा शोधत निघाले. तेवढ्यात कर्ण्यातून गाणं सुरू झालं आणि पुढचा माणूस जागच्या जागी थबकला. मी नाही थबकले. सगळा रस्सा त्याच्या पाठीवर!

तो हलला नाही. मी 'सॉरी सॉरी' करत पदराने पुसायला गेले तरी तो हलला नाही. तेव्हा माझ्या लक्षात आलं की सगळा बाजारच उभा आहे. भाजीवाली जुडी हातात धरून, सायकलवाला एक पाय टेकवून. त्यांचं राष्ट्रगीत चाललं होतं. मीही खांब झाले. गाणं संपेपर्यंत त्या म्हाताऱ्याच्या सदऱ्यावरून शेवया ओघळताना मी पाहत राहिले.

गाणं संपलं. तो वळला, माझी साडी, कुंकू, रिकामा वाडगा पाहिला आणि थाईत काहीतरी म्हणाला. मागून धावत आलेल्या नोईने कपाळावर हात मारला.

"हे माझे वडील. म्हणतात, बरं झालं, भूक लागलीच होती."

त्यांना सगळे लुंग (काका) म्हणत, मीही तेच म्हणू लागले. रात्रीच्या जेवणाआधीच त्यांनी मला झाडाचे आंबे, चिकट भात आणि नारळाचं घट्ट दूध असा वाडगा भरून दिला. भाजलं का विचारलं तर पाठ फिरवून दाखवली. लालसर झाली होती. मला रडू यायचं बाकी होतं आणि ते हसत होते.

सकाळी नोई मला जुन्या राजधानीचे अवशेष दाखवायला घेऊन गेली. चारशे वर्षं तिथे थाई राजे नांदले. मग ब्रह्मी फौजा आल्या आणि सगळं जाळून गेल्या. मुंडकी नसलेले बुद्ध ओळीने बसलेले, आणि एका झाडाच्या मुळ्यांनी एक दगडी चेहरा कवेत घेतलेला. मला आमच्या जिल्ह्यातला देवगड आठवला. गोंड राजांची केवढी राजधानी, आता किल्ल्यात शेरडं चरतात.

"पुन्हा इथेच का नाही बांधली राजधानी?" मी विचारलं.

"जागा धोक्याची झाली होती. पण इथल्या विटा होड्यांत भरून नदीने खाली नेल्या. बँकॉकच्या तटात त्याच आहेत."

मी मनाचा हिय्या करून विचारलं, "लग्नानंतर तू रामाकोन्याला येशील का? राहायला?"

तिने माझ्याकडे सरळ पाहिलं. "नाही, फी. वडिलांना माझ्याशिवाय कुणी नाही. सुधाकर इथेच राहील. त्याने घरी कळवलंय ना?"

त्याने कळवलं नव्हतं. दोन-तीन वर्षांनी दोघं परत येतील असंच आई धरून बसली होती. मीही. झाडाखाली उभी राहून मी त्या दगडी चेहऱ्याकडे बघत राहिले. नोईने ते पाहिलं. तिला कळलं होतं.

घरी आल्यावर मी सुधाकरला अंगणात गाठलं. "आईले काऊन नाही लिहिलं तू हे?"

"हिंमत नाही झाली, ताई. चार खेपा लिहिलं आन् फाडलं."

"आन् मी जाऊन सांगू?"

तो खाली मान घालून उभा राहिला. मी त्याच्याशी दिवसभर बोलले नाही.

पण दुसऱ्या दिवशी राजधानीत नांगरणीचा राजविधी होता आणि लुंगनी सगळ्यांना पहाटेच उठवलं. राजवाड्याजवळच्या मैदानावर गर्दी, बहुतेक शेतकरी. दूरच्या मंडपात राजा येऊन बसला. पांढरा गणवेश, एवढंच मला दिसलं. माझ्या आसपास सगळे हात जोडून होते. शेतकी खात्याचा एक मोठा अधिकारी त्या दिवशी नांगराचा धनी होतो. त्याच्यापुढे वेगवेगळ्या लांबीची तीन झाकलेली वस्त्रं ठेवतात. त्याने उचललं ते मधल्या लांबीचं निघालं, म्हणजे पाऊस बेताचा. मग शंख वाजले, पांढऱ्या वस्त्रातले ब्राह्मण आले आणि लाल-सोनेरी झुली घातलेली बैलजोडी नांगर ओढू लागली. मागून टोपल्यांतून धान पेरत होते. शेवटी बैलांसमोर सात वाडगे: भात, मका, तीळ, कडधान्य, गवत, पाणी, दारूसुद्धा. बैलांनी मक्याला तोंड लावलं आणि मैदानभर आनंदाचा गलका उठला.

"धान्य आणि फळं पुष्कळ येणार," लुंग मला म्हणाले, नोईने इंग्रजीत सांगितलं. "फळांत तुमची संत्रीही आली."

मला पोळा आठवला, सजवलेले बैल. आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पांढुर्ण्यात जाम नदीच्या दोन काठांवरून पांढुर्णा आणि सावरगावची माणसं एकमेकांवर जे गोटे फेकतात, तेही आठवलं.

राजा मंडपातून गेला आणि लोक दोर ओलांडून धावले. पेरलेलं धान वेचून आपल्या बियाण्यात मिसळायचं, म्हणजे शेत पिकतं अशी त्यांची श्रद्धा. लुंगही उठले, दोन पावलं टाकली आणि गुडघा धरून थांबले. सुधाकर नि नोई गर्दीत मागे अडकले होते. लुंग नांगराच्या त्या तासाकडे बघत राहिले.

मी साडी खोचली आणि धावले. चाळीस वर्षांची मास्तरीण, चिखलात गुडघे टेकून माती चिवडत होते. एका बाईने मला कोपरखळी मारली, मीही तिला मारली. नऊ दाणे मिळाले. ते मी लुंगच्या ओंजळीत घातले. त्यांनी ओंजळ कपाळाला लावली.

मागून सुधाकर म्हणाला, "ताई, तू पागल हायेस." त्याचे डोळे भरलेले होते. माझा राग कुठे गेला मलाच कळलं नाही.

"आईले मी सांगतो," मी म्हणाले. "तू फक्त तारीख कळव."

परतीच्या वाटेवर कलकत्त्यापासून नागपूरपर्यंत मी वाक्यं जुळवत आले. रामाकोन्याला पोचल्यावर आईने आधी जेवू घातलं, मग समोर बसली. "सांग."

मी जसं होतं तसं सांगितलं. पोरगी चांगली आहे. बाप शेतकरी आहे, एकटा आहे. सुधाकर परत येणार नाही.

आई उठून बगिच्यात गेली. मी मागे गेले नाही. दिवेलागणीला ती आली, हातपाय धुतले आणि म्हणाली, "लगन कुठी हाये मंग?"

"तिकडंच."

"मंग मले नाही जावं लागन का?"

पुढच्या आठवड्यात पासपोर्टच्या फोटोसाठी मी तिला पांढुर्ण्याला नेलं. बसमध्ये तिने एकेक गोष्ट विचारून घेतली: तिथे ज्वारी मिळते का, व्याह्याशी बोलायचं कोणत्या भाषेत, राजा समोर आला तर पाया पडायचं की नुसते हात जोडायचे. फोटोवाल्याने तिला स्टुलावर बसवलं.

"मावशी, पदर जरा मांगं घ्या. कान दिसाले पाहिजे."

परक्या माणसासमोर आईने डोक्यावरचा पदर कधी ढळू दिला नव्हता. तिने माझ्याकडे पाहिलं. इतकी वर्षं राजांच्या स्वाऱ्या शिकवल्या, पण घर सोडून निघायला माणसाला आतून काय लागतं, ते मी त्या स्टुलावर पाहिलं. आईने दोन्ही हातांनी पदर मागे सारला, ताठ बसली आणि म्हणाली, "काढ."