बिशपची जेवणवाली

देवाचा मला इतका संताप आला होता की मी प्रार्थनाच सोडून दिली होती. वाचून कुणाला वाईट वाटलं तर वाटू दे. माझे यजमान अँग्लिकन परंपरेतले बिशप. जन्मभर देवाची चाकरी केली, निवृत्तीनंतर वसईजवळ पापडीला, माझ्या माहेराजवळ फ्लॅट घेतला, आणि थोडे दिवस सुखाचे जातात न जातात तोच पक्षाघाताने यांची उजवी बाजू गेली, वाचा गेली. त्याहून वाईट म्हणजे यांनी तोंड मिटून घेतलं. पेजेचा चमचा ओठांशी नेला की मान भिंतीकडे. डॉक्टर म्हणाले, “नळीने अन्न घालू, पण जगायचं त्यांनीच मनावर घेतलं पाहिजे.”

का घ्यावं त्यांनी? खेड्यातल्या मास्तरांचा हा मुलगा मिशनच्या वसतिगृहात वाढला, धर्मगुरू झाला. पहिली नेमणूक मिळाली ती गळक्या छपराच्या चर्चमध्ये. सायकलवरून वस्त्यावस्त्यांत फिरून लग्नं लावली, मयती केल्या, भावाभावांची भांडणं मिटवली. आमचा संसार कायम ट्रंकेत. पुढे बिशप झाले, अंगावर बिशपचा जांभळा रंग चढला आणि डोक्याला ताप लागला. मिशनच्या जमिनी बिल्डरच्या घशात जाऊ दिल्या नाहीत, म्हणून ज्यांच्या डोक्यावर हात ठेवून यांनी धर्मगुरूपदाची दीक्षा दिली, त्यांनीच यांना कोर्टात खेचलं. आरोप टिकले नाहीत, पण माणूस आतून मोडला. आजारपणात त्यांतला एकही फिरकला नाही. गरज सरो, वैद्य मरो! आणि ज्याच्यासाठी हे सगळं केलं तो देवही गप्प. माझा खरा राग त्याच्यावरच होता.

एका दुपारी दारात मासळीवाली उभी राहिली. किल्ल्यापलीकडच्या कोळीवाड्यातली कातरीनबाय. बाल्कनीत वाळत घातलेला यांचा जांभळा शर्ट तिने खालून पाहिला होता, आणि वसईच्या कॅथलिक माणसाला तो रंग कुणाचा हे सांगावं लागत नाही.

“बिशप सायब हायत काय? माजे सुनेचं उद्या ऑपरेशन हाय. आशीर्वाद पायजे.” मग मला आपादमस्तक न्याहाळत म्हणाली, “तू त्यांची जेवनवाली काय?”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. “जेवणवाली? बायको आहे मी त्यांची!”

तिने झटकन क्रुसाची खूण केली. “अगो माजे आय! बिशपला बायको? आन वर वरडून सांगते!”

तिचे बिशप ब्रह्मचारी. आमच्यात बिशप लग्न करतात हे तिला कुठून ठाऊक असणार? मी तिला चांगली सुनावणार, एवढ्यात आतून खरखरीत, तुटक आवाज आला. श्वास अडकला असं वाटून मी धावले. हे हसत होते. अर्धा चेहरा निर्जीव, उरलेल्या अर्ध्याने हसत होते आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. इतक्या दिवसांत घरात त्यांचा आवाज असा पहिल्यांदाच ऐकला.

कातरीनबाय माझ्या मागोमाग आत आली होती. मी रागारागानेच तिला आमची रीत समजावली. तिने थोडा विचार केला. “मंग बरं हाय. दुखन्यात आपला मानूस लागतो.” ती खाटेशी गुडघे टेकून बसली, यांचा लुळा हात तिनेच उचलला आणि आपल्या डोक्यावर ठेवला. यांचे ओठ हलू लागले. शब्द फुटले नाहीत, पण तो आशीर्वाद मला पाठ आहे.

उठताना तिने दटावलं, “आता जेवा सायब. ही बाय लय रागीट हाय.”

संध्याकाळी मी पेज नेली. यांनी तोंड उघडलं.

तिची सून सुखरूप घरी आली. हे अजून अंथरुणातच आहेत, पण जेवतात. चमत्कार होता की नव्हता, यावर मी वाद घालणार नाही. मी थोरामोठ्या धर्मगुरूंची वाट पाहत बसले होते, आणि देवाने धाडली मासळीची टोपली घेतलेली बाई, तीही माझा अपमान करणारी! कुणाला धाडायचं हे मी ठरवणार नाही, एवढं मला कळलं. शरण जायचं म्हणजे आधी राग गिळायचा, अशी माझी समजूत होती. मला तो गिळता येत नाही. म्हणून आता रागासकट त्याच्यासमोर बसते आणि म्हणते, “तुझे उपकार आहेत, देवा. यांना कोर्टात खेचणाऱ्या त्या लोकांना मात्र मी अजून क्षमा केलेली नाही. तेवढं तू माझ्याकडून करून घे.”