पहिला घास रंगाऱ्याचा

काकूंच्या घरात भांडण कधी सुरू होत नसे, कारण ते कधी संपतच नसे. सकाळी चहाच्या कपावरून अर्धवट राहिलेलं संध्याकाळी चपलांच्या जागेवरून पुढे चालू व्हायचं. गल्लीतले लोक बाईंना काकू म्हणत आणि त्यांच्या नवऱ्याला रंगारी. तो गाड्यांच्या गॅरेजात फवाऱ्याने रंग मारायचा. ठोकलेल्या गाडीला असा रंग द्यायचा की मालकालाही जुना ओरखडा सापडू नये. बाहेर त्याच्या हाताची तारीफ व्हायची. घरी मात्र त्याचं तोंडच चालायचं.

काकू एकेकाळी जेवणाचे डबे करायच्या. मागच्या स्वयंपाकघरात पहाटेपासून भांडी वाजत आणि दुपारपर्यंत डबे अर्ध्या वस्तीत पोचलेले असत. त्यांची एक रीत होती, आईने कानाला धरून शिकवलेली: शिजताना चाखायचं नाही. वासावर आणि हाताच्या अंदाजावर करायचं, आणि ताट भरलं की पहिला घास दुसऱ्या कुणीतरी घ्यायचा. आपल्या हातचं आपल्याला गोडच लागणार, तेव्हा आपल्या जिभेची साक्ष धरायची नाही, असं आईचं म्हणणं. लग्नानंतर हा दुसरा कुणीतरी म्हणजे रंगारी झाला. तो घास घ्यायचा, मान डोलवायचा, आणि मगच डबे भरले जायचे. संसारात एवढं एकच काम तो मन लावून करत असे.

मग एका हिवाळ्यात त्याने ताट पुढे ढकललं. "अळणी," तो म्हणाला. काकूंनी मीठ घातलं. दुसऱ्या दिवशीही अळणी, तिसऱ्या दिवशी "हे काय, गवत शिजवलंयस का?" काकू मीठ, मसाला वाढवत गेल्या. मग गिऱ्हाइकं कुरकुरायला लागली. एक मास्तर तर दारात येऊन म्हणाले, "काकू, डब्यात समुद्र ओतला की काय?" घरात अळणी, बाहेर खारट, आणि काकूंना स्वतःला कधी बरं लागायचं तर कधी घशाशी यायचं. कुणाचं खरं मानायचं? एखादी खमकी बाई असती तर नवऱ्याचं ताट उचलून मोरीत ओतलं असतं. काकूंनी आपल्याच जिभेवर खापर फोडलं. रंगारी रोज म्हणायचाच, "तुझ्या हाताची चव गेली." डबे एकेक करून बंद झाले. शेवटचा डबा परत आला त्या दिवशी तो म्हणाला, "बरं झालं. ओटा तरी मोकळा राहील."

हे वाक्य काकू विसरल्या नाहीत. त्यानंतर त्या एका लाँड्रीत चादरींच्या घड्या घालायच्या कामाला लागल्या. घरी स्वयंपाक करायच्या, पण कैद्याने दगड फोडावेत तसा. रंगारी नावं ठेवायचा आणि काकू चहात त्याला साखर कमी घालून सूड उगवायच्या. असं त्यांचं सुखाने चाललं होतं.

त्या लाँड्रीत एका मोठ्या ऑफिसच्या कँटीनचे अॅप्रन धुवायला यायचे. ते न्यायला कँटीनवाली स्वतः यायची. ही तुटक बोलणारी, घड्याळाकडे बघत उभी राहणारी बाई. एकदा तिने काकूंच्या जेवणाच्या डब्यातली वांग्याची भाजी शेजारी बसलेल्या कामकरणीच्या पानात पाहिली, विचारून एक घास घेतला आणि अॅप्रन उचलून निघाली. पुढच्या खेपेला म्हणाली, "माझा आचारी सोडून गेलाय. ऑफिसातल्या पोरांना टाको हवेत, भाजलेल्या भाज्यांचे. जमतील? शनिवारी दुपारी तुमच्या घरी येते. करून दाखवा. आवडले तर सोमवारपासून स्वयंपाकघर तुमचं."

स्वयंपाकघर तुमचं! काकू त्या रात्री झोपल्या नाहीत. नोकरीचा आनंद होताच, पण भीती त्याहून मोठी होती. हाताची चव खरंच गेली असेल, तर ते आता परक्या बाईसमोर सिद्ध होणार होतं, आणि मग उरलेला जन्म चादरीच.

आठवडाभर त्यांनी मोबाइलवर बघून सराव केला. मक्याचं पीठ गरम पाण्यात मळायचं, गोळा प्लास्टिकच्या दोन तुकड्यांत ठेवून वरून जड कढई दाबायची, तव्यावर दोन्ही बाजूंनी शेकून फडक्यात गुंडाळायचं, म्हणजे मऊ राहतं. आत ढोबळी मिरची, वांगं, कांदा, मक्याचे दाणे, सगळं निखाऱ्यावर भाजलेलं. वरून टोमॅटोची आणि भाजलेल्या जिऱ्याची आंबट-तिखट चटणी, लिंबू, कोथिंबीर. सगळं त्यांच्या ओळखीचंच होतं, फक्त नाव परकं.

अडचण एवढीच, की तव्यापाशी एक माणूस लागणार आणि मागच्या अंगणात निखाऱ्यापाशी दुसरा. दुसरा माणूस घरात एकच होता.

"मी भाज्या भाजू?" रंगारी म्हणाला. "म्हणजे फसलं की माझ्या नावाने बोंबलायला मोकळी."

"फसलं नाही तरी बोंबलेन. तुम्ही फक्त उलटा-पालटा, आणि तेलाचा हात फिरवा."

शनिवारी त्याने शेगडी पेटवली, जाळी ठेवली, आणि काकूंनी दिलेला रबरी ब्रश दोन बोटांत धरून बघितला. "ही काय झाडलोट करायची वस्तू आहे? यात तेल तरी राहतं का?" असं म्हणून तो आत गेला आणि स्वतःचा ब्रश घेऊन आला. चार बोटं रुंद, मऊ केसांचा, गॅरेजातल्या नाजूक कामासाठी जपून ठेवलेला.

"स्वच्छ आहे ना?" काकूंनी खिडकीतून विचारलं.

"तुझ्या भांड्यांपेक्षा."

आणि तो खोटं बोलत नव्हता. रंगाऱ्याच्या लेखी स्वच्छ ब्रश म्हणजे रंग काढायच्या उग्र वासाच्या थिनरमध्ये रात्रभर बुडवून ठेवलेला आणि फडक्याला रंगाचा डागही लागणार नाही इतका पुसलेला. असा ब्रश त्याने तेलात बुडवला, भाज्यांवर फिरवला, आणि भाजून झाल्यावर चकाकी यावी म्हणून लिंबू-तेलाचा आणखी एक हात दिला. गाडीवर शेवटचा हात देतात तसा. भाज्या दिसत होत्या मात्र देखण्या.

कँटीनवाली वेळेवर आली. खुर्चीच्या कडेवर बसली, पर्स मांडीवर. काकूंच्या नाकात भाजलेलं जिरं आणि तव्याचा धूर भरलेला. त्यांनी घाईघाईने टाको भरले, ताट टेबलावर ठेवलं, आणि सवयीप्रमाणे पहिला रंगाऱ्याच्या हातात दिला. पाहुणी समोर असताना त्यांनी असं करायला नको होतं. पण जुनी खोड.

रंगाऱ्याने मोठा घास घेतला, चावला, गिळला. "अळणी," तो म्हणाला. "मसालाही कमी. मी सांगत होतो."

काकूंचा हात आपोआप मिठाच्या डब्याकडे गेला. तेवढ्यात कँटीनवालीने टाको तोंडापाशी नेला आणि तसाच खाली ठेवला.

"याला रंगाचा वास येतोय," ती म्हणाली.

"कसला रंग?" रंगारी उखडला. "काहीतरी बोलू नका." आणि तिला खोटं पाडण्यासाठी त्याने दुसरा घास घेतला.

काकूंनी ताटावर वाकून वास घेतला. गॅरेजातून आलेल्या त्याच्या कपड्यांना रोज येतो तोच वास. जिऱ्याच्या वर, लिंबाच्या वर, सरळ डोक्यात जाणारा. खोलीत बसलेल्या कुणालाही चुकवता येणार नाही असा. आणि हा माणूस चावत होता.

"ठेवा तो खाली," काकू म्हणाल्या. "आणि डोळे मिटा."

"काय नाटक आहे?"

"मिटा म्हणते ना."

त्यांच्या आवाजात असं काही होतं की त्याने डोळे मिटले. काकूंनी बेसिनवरची साबणाची वडी उचलली आणि त्याच्या नाकाखाली धरली. "ओळखा."

रंगाऱ्याने हुंगलं. "जिरं," तो ठासून म्हणाला. "भाजलेलं."

कँटीनवालीने पर्सचा पट्टा घट्ट धरला. काकूंनी वडी तशीच धरून ठेवली. रंगाऱ्याने डोळे उघडले, साबण बघितला, आणि त्याच्या तोंडचं पाणी पळालं.

"कधीपासून?" काकूंनी विचारलं.

"कशाचं कधीपासून?"

"त्या हिवाळ्यापासून ना?"

त्याने ताट बाजूला सारलं. "गॅरेजात कळलं असतं तर मला रंगाच्या खोलीतून काढलं असतं. मास्क गळतोय हे ज्याला वासावरून कळत नाही त्याला तिथे कोण उभं करणार? झाडू मारायला ठेवलं असतं."

"मी गॅरेजात नव्हते. मी इथे होते."

"तुला सांगितलं असतं तर गल्लीभर झालं असतं."

"म्हणून माझ्या हाताची चव गेली?"

"काहीतरी म्हणायला हवंच होतं," तो चिडून म्हणाला. जणू त्याच्यावरच अन्याय झाला होता. "जिभेला नुसतं मीठ कळायचं, जेवण घशाखाली उतरत नव्हतं माझ्या. मला काय मजा येत होती?"

काकूंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. हा माणूस आजारी होता याचा त्यांना राग नव्हता. त्याचं नाक गेलं आणि किंमत त्यांनी मोजली. त्यांच्या चुलीने, त्यांच्या पहाटांनी, त्यांच्या डब्यांनी. आणि त्याला ते माहीत होतं. रोज माहीत होतं.

कँटीनवाली उठली. "तुमचं घरचं तुम्ही बघा. मला उशीर होतोय."

"बसा," काकू म्हणाल्या. "एवढा वेळ बसलात, आणखी थोडा बसा."

हुकूमच होता तो, आणि का कोण जाणे, ती बाई बसली. काकूंनी पहिलं ताट कचऱ्यात ओतलं. राहिलेल्या भाज्या चिरल्या, लोखंडी तवा लाल तापवला आणि चिमट्याने स्वतः भाजल्या. कांद्याच्या कडा काळ्या होईपर्यंत, वांगं आतून लोण्यासारखं मऊ होईपर्यंत. चटणी ढवळली. मग चमचा तोंडाजवळ नेऊन क्षणभर थांबल्या, आईची क्षमा मागितली की शिवी घातली ते त्यांनाच ठाऊक, आणि चाखलं.

बरोबर होतं. मीठही, तिखटही. इतकी वर्षं बरोबरच होतं.

कँटीनवालीने एक टाको खाल्ला, हात पुसले, आणि न विचारता दुसरा घेतला. "चटणी थोडी पातळ करा, ऑफिसात सांडते," ती म्हणाली. दारात चपला घालताना म्हणाली, "सोमवारी सकाळी लवकर या. आणि भाज्या तुम्हीच भाजा."

ती गेल्यावर काकूंनी तवा उतरवला. रंगारी टेबलाशीच बसून होता. "मला नाही दिलास," तो म्हणाला.

काकूंनी मक्याची उरलेली एक रोटी घेतली. भोपळ्याची एक फोड बिनमिठाची उकडून तिच्यात भरली. चटणी नाही, लिंबू नाही, कोथिंबिरीचं पानही नाही. नाक गेलं असलं तरी मीठ जिभेला कळतं, हे दोघांनाही माहीत होतं. त्यांनी तो टाको त्याच्यापुढे ठेवला आणि समोर उभ्या राहिल्या. "बोला."

रंगाऱ्याने घास घेतला. बराच वेळ चावला. मग मान डोलावली, पूर्वी डोलवायचा तशी.

"छान झालाय," तो म्हणाला. "चव आली बघ तुझ्या हाताला."

हे शब्द ऐकायला काकू वर्षानुवर्षं ताटासमोर उभ्या राहिल्या होत्या. आता ते त्यांच्या काडीच्या उपयोगाचे नव्हते. त्यांनी मिठाचा डबा उचलला आणि सोमवारी न्यायच्या पिशवीत टाकला.