नीळकंठरावांनी बांधलेलं कलम

तर अच्युत आंब्याखाली उभा राहून मान दुखेस्तोवर वर बघत होता, इथवर काल आलो होतो. अच्युत म्हणजे नीळकंठरावांचा मेहुणा, अमरावतीकडचा बागायतदार. आणि आंबा अवधपुरीतल्या त्यांच्या अंगणातला, त्यांच्या पत्नी इंदुमतीबाईंनी स्वतः लावलेला.

नीळकंठराव कारखान्यात टर्नर. लोखंडातला सूतभर फरक बोटांना कळायचा, पण झाडपाल्याच्या नावानं आनंदच. आठ वर्षांपूर्वी त्यांनी करोंदहून लंगडा जातीच्या आंब्याची काडी आणली आणि मोबाइलवर बघून बघून एका फांदीवर बांधली. काडी वाळली. पण पुढच्या पावसानंतर तिथंच वीतभर अंतरावर जाड पानांचा झुबका फुटला. कलम लागलं म्हणून ते गल्लीभर सांगून आले. हिवाळ्यात त्याला नारिंगी, नळीसारखी फुलं आली, मग वाटाण्याएवढी गुलाबी फळं. सुरुवातीची काही वर्षं फळ लहानच धरतं, असं ते ज्याला त्याला समजावायचे. इंदुमतीबाई हो म्हणायच्या आणि चहा टाकायच्या.

श्रावणात त्या गेल्या. तेराव्याला नीळकंठराव पंगतीत "आणखी घ्या" म्हणत फिरले, जणू दुसऱ्याच्या घरचं कार्य. डोळ्यांत टिपूस नाही. मुलगी मंजूषा फोनवर विचारी, काय जेवलात? ते त्यांना आठवत नसे.

संक्रांतीला आलेल्या अच्युतनं तसले झुबके असलेल्या चार फांद्या मोजल्या आणि तो म्हणाला, "भाऊजी, कलम कसलं, हे बांडगूळ आहे. झाडाचा रस पिऊन वाढतंय. या फांद्या कापल्या नाहीत तर दोन वर्षांत ताईचा आंबा गेला."

नीळकंठराव "बरं" म्हणाले. हल्ली ते सगळ्यालाच बरं म्हणत. अच्युतनं शिडी लावली, करवत आणली. पण काप म्हणायची वेळ आली की ते उद्या बघू म्हणत. असे तीन दिवस गेले. चौथ्या दिवशी ते शिडी धरून नुसते उभे राहिले, तेव्हा शेजारच्या उषावहिनींना राहवेना.

"ताई बागायतदाराची लेक," त्या कुंपणावरून म्हणाल्या, "त्यांना काय बांडगूळ ओळखू येत नव्हतं? तुम्ही ड्यूटीवर गेलात की माळ्याला बोलवायच्या. बाकीच्या फांद्यांवरचं सगळं काढून घ्यायच्या, तेवढं एक ठेवायच्या. म्हणायच्या, घरी आल्यावर आधी वर बघतात हो, मग चपला काढतात. तुम्ही सांगू नका."

शेवटची दोन वर्षं त्या अंथरुणाला खिळल्या होत्या आणि माळी यायचा थांबला. म्हणून चार फांद्या.

नीळकंठरावांनी शिडीवरचा हात काढला. वर पाहिलं. एक शिंजीर फुलात चोच घालून लोंबत होता. अच्युतनं हळूच विचारलं, "मग, कापू?"

"काप. आणि उषावहिनी, तुम्ही जरा आत येऊन बसा. हिनं मला आणखी काय काय सांगितलं नाही, ते सगळं सांगा."